गेम माळ्यावर टाका, भंगारात नको: कॉम्प्युटरमधे तात्पुरती जागा कशी करायची

लालबागमधली आमची चाळीतली खोली दहा बाय बाराची आणि माझ्या लॅपटॉपमधली एसएसडी, म्हणजे आतली साठवणीची डिस्क, ५१२ जीबीची, दोघांचं दुखणं एकच. खोलीला निदान पोटमाळा आहे. गणपती झाले की मखर, लायटिंगच्या माळा, मोठी पातेली असं सगळं शिडी लावून वर जातं आणि पुढच्या भाद्रपदात परत खाली येतं, मधल्या अकरा महिन्यांत कोणी रडत नाही की अरे आपलं मखर गेलं. पण लॅपटॉपमधून गेम काढायचा म्हटला की पोरांची तोंडं बघा. "माझी एवढी लेव्हल झालीये", "दीडशे तास खेळलोय", "परत विकत घ्यायला लागला तर?" नाही लागत. विकत घेतलेला गेम तुमच्या अकाउंटवर असतो, डिस्कवर फक्त त्याचं सामान पडलेलं असतं, ते कधीही परत उतरवता येतं. खरं तुमचं असं त्यात एकच काय ते असतं, सेव्ह फाइल, म्हणजे तुम्ही कुठपर्यंत खेळलात त्याची नोंद, ती सांभाळली की बाकीचे १०० जीबी बिनधास्त उडवा. मी हे कसं करतो ते सगळं सांगतो, विंडोज ११ धरून सांगतोय, १० वर पण जवळपास तेच आहे, दोन-चार नावं इकडची तिकडे.

आधी हिशोब, किती जागा पाहिजे

माझ्यावर ही वेळ आली मंडळाच्या आगमनाच्या व्हिडिओमुळे. तीन पोरांनी तीन फोनवर शूट केलं, प्रत्येकाने साधारण दोन तास, आणि तिघांनी पण हौसेने फोर के मधे. फोनवर फोर के म्हणजे सेटिंगप्रमाणे मिनिटाला साधारण १७० ते ३५० एमबी जातात, म्हणजे ३५० ने धरलं तर तीन गुणिले १२० मिनिटं, १२६ जीबी नुसतं कच्चं फुटेज. वर एडिटिंगचं सॉफ्टवेअर स्वतःची कॅशे, म्हणजे तात्पुरत्या फाइल, बनवणार, शेवटी एक्स्पोर्टची फाइल बनणार, म्हणून मी २०० जीबी धरले. आणि सी ड्राइव्हवर शिल्लक होते ११.

हा आकडा आधी काढायला सांगतोय कारण लोक काय करतात, डोकं फिरलं की दिसेल तो गेम काढत सुटतात, दहा छोटे गेम काढून ८ जीबी मिळतात आणि मग वैतागून बसतात. मला २०० पाहिजे होते तर दोन मोठे गेम आणि थोडा कचरा एवढ्यात काम होणार होतं. तुमचं कॉलेजचं प्रोजेक्ट असेल, विंडोजचा मोठा अपडेट असेल, त्याला २०-३० जीबी पुरतील, मग एकच गेम काढा आणि गप बसा.

अजून एक, ड्राइव्ह काठोकाठ भरायची नाही. एसएसडी भरत आली की लिहायचा स्पीड पडतो, कारण आत डेटा इकडून तिकडे करायला तिला मोकळी जागा लागते. आता मी १० ते १५ टक्के रिकामे ठेवतो. आणि पाकिटावर ५१२ लिहिलंय पण विंडोज ४७६ दाखवतं म्हणून दुकानदाराशी भांडायला जाऊ नका, बनवणारे १००० च्या पटीत मोजतात आणि विंडोज १०२४ च्या पटीत, कोणी काही खाल्लेलं नाही.

गेमला हात लावायच्या आधी

सेटिंग्ज उघडा (विंडोज की आणि आय), सिस्टिम, मग स्टोरेज. तिथे कशाने किती खाल्लंय ते पट्ट्यांमधे दिसतं. टेम्पररी फाइल्समधे जाऊन बघा, विंडोजचा मोठा अपडेट नुकताच झाला असेल तर जुन्या विंडोजची अख्खी कॉपी तिथे पडलेली असते, ती दहा दिवसांनी आपोआप जाते पण घाई असेल तर आत्ता टिक करून काढता येते, फक्त मग जुन्या व्हर्जनवर परत जाता येत नाही. त्याच यादीत डाउनलोड्स फोल्डर पण येतं, त्याला टिक करायच्या आधी दहा वेळा विचार करा, भाडेकराराची पीडीएफ, मार्कशीट सगळं आपण तिथेच टाकून ठेवलेलं असतं. रीसायकल बिन रिकामी करा. ती भरलेली असेपर्यंत जागा काही सुटत नाही, हे सांगायला लाज वाटते पण मी स्वतः एकदा तासभर डिलीट करत बसलो होतो आणि आकडा हलेना.

आणि गेमवाल्यांसाठी खास जागा, व्हिडिओज फोल्डरमधलं कॅप्चर्स. विंडोजमधल्या गेम बारने रेकॉर्ड केलेल्या क्लिप तिथे जमा होतात, एकेक दोन-दोन जीबीची, "भारी किल होता" म्हणून ठेवलेली आणि नंतर कधी न बघितलेली. माझ्याकडे ३८ जीबी त्यातच निघाले. नेमकं काय कुठे आहे ते बघायला विझट्री नावाचं फुकट टूल आहे, दोन मिनिटांत अख्ख्या ड्राइव्हचा नकाशा समोर मांडतं. पण त्यात दिसलेलं मोठं फोल्डर थेट डिलीट मारायचं नाही, का ते खाली सांगतो, माझ्या भाच्याने मला अजून माफ केलेलं नाहीये.

कुठला गेम काढायचा

इथे माझं मत जरा उलटं आहे. लोक जो गेम हल्ली खेळले नाहीत तो काढतात, ठीक आहे, पण मी बघतो की परत आणायला किती त्रास आणि नसला तर किती अडतं.

स्टोरी संपलेले मोठे गेम पहिले. रेड डेड रिडेम्प्शन २ ला स्टोअरच्या पानावर १५० जीबी मागतात, बाल्डर्स गेट ३ ला पण १५०, फोर्झा होरायझन ५ ला ११०. ह्यातला एक जरी शेवटपर्यंत खेळून झाला असेल तर तो कशासाठी बसलाय तिथे? "परत कधीतरी खेळेन" हे आपण सायकलबद्दल पण म्हणतो.

मग अर्धवट सोडलेले. पंधरा तास खेळून तीन महिने हात लावला नाही तर अजून तीन आठवडे नाही लागणार.

रोज रात्री मित्रांबरोबर खेळायचा जो एक गेम आहे तो मात्र ठेवा, मोठा असला तरी. काउंटर-स्ट्राइक २ हा ८५ जीबी मागतो, डोटा २ हा ६० जीबी, आणि ह्यांच्यात सांभाळायला सेव्ह फाइल नसते, सगळं सर्व्हरवर, म्हणजे काढायला सगळ्यात सोपे हेच. तरी काढू नका, कारण साडेदहाला ग्रुपवर "ये रे एक कमी आहे" असा मेसेज येतो आणि तुम्ही डाउनलोडची पट्टी बघत बसता, मग चिडून दुसरंच काहीतरी डिलीट करता.

छोटे गेम सोडून द्या. स्टारड्यू व्हॅली अख्खी ५०० एमबीच मागते, तिला काढून काय मिळणार.

आणि कधी कधी अख्खा गेम काढायची गरजच नसते. कॉल ऑफ ड्यूटीमधे कॅम्पेन, मल्टिप्लेयर असे तुकडे वेगवेगळे काढता येतात. स्टीमवर (गेम विकत घ्यायचं आणि चालवायचं ॲप) गेमवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, तिथे डीएलसीची, म्हणजे गेमच्या जोडभागांची, यादी असते, नको त्याची टिक काढली की तेवढा भाग डिस्कवरून जातो. एज ऑफ एम्पायर्स २ च्या नव्या आवृत्तीचं जास्त बारीक ग्राफिक्सचं पॅक असं वेगळं फुकट डीएलसी आहे, साध्या स्क्रीनवर खेळत असाल तर ते नसलेलं कळणार पण नाही.

सेव्ह फाइल, इथे घाई करायची नाही

आता भाच्याची गोष्ट. त्याने माझ्या लॅपटॉपवर माइनक्राफ्टमधे आमची चाळ बांधली होती. गॅलरी, जिना, नळाची रांग, खाली गणपतीचा मांडव पण. मला विझट्रीमधे ॲपडेटाच्या आत ९ जीबीचं एक फोल्डर दिसलं, नावाच्या पुढे टिंब वगैरे, मला वाटलं काहीतरी कचरा असणार, उडवलं. मोठं होतं म्हणून बिनमधे पण गेलं नाही, कायमचं डिलीट करू का विचारलं तर मी हो म्हटलं. रविवारी आला, गेम उघडला, आणि म्हणाला, "मामा, माझी चाळ कुठे गेली?" आता काय सांगणार. चूक शंभर टक्के माझी. माइनक्राफ्टच्या जावा आवृत्तीत तुमचं वर्ल्ड, म्हणजे बांधलेलं सगळं, फक्त तुमच्या कॉम्प्युटरवर असतं, त्या टिंबवाल्या माइनक्राफ्ट फोल्डरच्या आत सेव्हज मधे, दुसरी कॉपी कुठेच नसते. बेडरॉक आवृत्ती असेल तर गेमच्या आत वर्ल्डच्या सेटिंगमधे जाऊन एक्स्पोर्टचं बटण वापरा आणि ती फाइल बाहेर ठेवा, मगच पुढचं काय ते.

तर पद्धत अशी. प्रत्येक गेमला एक प्रश्न: ह्याची सेव्ह क्लाउडवर, म्हणजे कंपनीच्या सर्व्हरवर, आहे का?

स्टीमवर लायब्ररीत गेमवर क्लिक केलं की प्ले बटणाच्या बाजूला क्लाउड स्टेटस दिसतं, ते अप टू डेट असेल तर बरं. ते काही दिसतच नसेल तर त्या गेमला क्लाउड नाही असं धरा. प्रॉपर्टीजमधे जनरलखाली क्लाउडचा स्विच असतो, तो चालू आहे ना ते पण बघा, कारण कधीतरी नेट स्लो म्हणून आपणच बंद केलेला असतो. मग गेम एकदा उघडा, मेन मेन्यूपर्यंत जा, नीट बंद करा, आणि सिंक होईपर्यंत, म्हणजे सेव्ह वर चढेपर्यंत, थांबा, लॅपटॉपचं झाकण आपटून ट्रेन पकडायला पळायचं नाही. एपिकवर (हे पण स्टीमसारखंच) गेमच्या नावाशेजारच्या तीन टिंबांमधे मॅनेज आहे, तिथे क्लाउड सेव्हचं दिसतं. एक्सबॉक्स ॲप म्हणजे गेम पासचे गेम बहुतेक करून सेव्ह आपोआप क्लाउडला टाकतात, फक्त शेवटचं खेळताना नेट चालू होतं ना एवढं आठवा.

क्लाउड असो नसो, मी हाताने एक कॉपी काढतोच. पाच मिनिटांचं काम आहे. सेव्ह सापडायच्या जागा ठरलेल्या असतात. डॉक्युमेंट्स आणि त्यातलं माय गेम्स. तुमच्या युजरच्या फोल्डरमधलं सेव्ह्ड गेम्स. आणि ॲपडेटा, जे लपवलेलं असतं, त्यात लोकल, लोकललो, रोमिंग अशी तीन पोटफोल्डर. तिथे जायला विंडोज की आणि आर दाबा, ॲपडेटा हा शब्द दोन्ही बाजूला टक्क्याचं चिन्ह लावून इंग्रजी अक्षरांत टाइप करा, एंटर मारा, थेट रोमिंगमधे पोचता, एक पायरी वर आलात की बाकीची दोन. उदाहरणं देतो म्हणजे अंदाज येईल: विचर ३ डॉक्युमेंट्समधे स्वतःच्या नावाच्या फोल्डरात, सायबरपंक २०७७ सेव्ह्ड गेम्समधे, एल्डन रिंग रोमिंगमधे, बाल्डर्स गेट ३ लोकलमधे लारियन स्टुडिओज नावाखाली, जीटीए ५ डॉक्युमेंट्समधे रॉकस्टार गेम्सच्या आत प्रोफाइल्समधे. काही गेमच्या सेव्ह स्टीमच्या स्वतःच्या फोल्डरात युजरडेटा म्हणून असतात, ते सगळंच फोल्डर उचलून कॉपी करा, आतले नुसते आकडे वाचून काही कळत नाही. ह्यातलं काहीच जुळलं नाही तर पीसीगेमिंगविकी ह्या साइटवर गेमचं नाव टाका, सेव्हचा पत्ता तिथे दिलेला असतो.

एक गोची वनड्राइव्हची. नव्या लॅपटॉपवर डॉक्युमेंट्स बऱ्याचदा वनड्राइव्हच्या आत सरकवलेलं असतं, म्हणजे तुम्ही साध्या डॉक्युमेंट्समधे शोधता आणि सेव्ह असते वनड्राइव्हच्या डॉक्युमेंट्समधे. शिवाय फुकटवाल्याला तिथे ५ जीबीच मिळतात, भरले की सिंक थांबतं आणि आपल्याला वाटत राहतं की सगळं वर चाललंय.

सेव्ह फाइल बहुतेक वेळा फार मोठी नसते, काही केबीपासून काहीशे एमबीपर्यंत, माइनक्राफ्टची वर्ल्ड सोडली तर. सगळी एका फोल्डरात टाका, गेमचं नाव आणि तारीख देऊन, मग झिप करून एक कॉपी पेनड्राइव्हवर आणि एक गूगल ड्राइव्हवर, तिथे १५ जीबी फुकट असतात. त्याच फोल्डरात एक नोटपॅडची फाइल पण ठेवा: कुठला गेम, कुठल्या लाँचरवर (स्टीम, एपिक वगैरे), सेव्ह कुठून उचलली, मॉड, म्हणजे लोकांनी बनवलेले गेममधले बदल, कुठले लावले होते. मॉडचं विशेष लिहा, स्टीम वर्कशॉपचे मॉड गेम परत टाकला की आपोआप उतरतात पण हाताने टाकलेले तुम्हालाच परत शोधायला लागतात, आणि सहा महिन्यांनी कोणाला आठवतंय.

आता काढा

स्टीममधे वर डावीकडे स्टीम, सेटिंग्ज, स्टोरेज. इथे सगळे गेम साइजसकट दिसतात, शेवटचं कधी खेळलात ते पण, साइजप्रमाणे लावता येतात. नको त्यांना टिक करा, खाली अनइन्स्टॉल. विंडोजच्या यादीतून पण होतं पण तिथे स्टीमच्या गेमचा आकडा कधी दिसतो कधी नाही, म्हणून मी इथूनच करतो. एपिकमधे लायब्ररी, तीन टिंबं, अनइन्स्टॉल. एक्सबॉक्स ॲपचे आणि बाकीचे सेटिंग्ज, ॲप्स, इन्स्टॉल्ड ॲप्स इथून, तिथे सॉर्ट करून मोठे वर आणा.

तीन गोष्टी करायच्या नाहीत. गेमचं फोल्डर हाताने डिलीट करायचं नाही, लाँचरला वाटतं गेम आहे आणि मग नंतर गोंधळ. अनइन्स्टॉल करताना काही गेम विचारतात की सेव्ह आणि सेटिंग पण काढू का, तिथे नाही म्हणायचं, वाचल्याशिवाय नेक्स्ट नेक्स्ट दाबायची सवय इथे महागात जाते. आणि तिसरी सगळ्यात वाईट, "गेम खेळणारच नाही महिनाभर तर स्टीमच काढून टाकतो" असं करू नका. स्टीम काढलं की त्याच्या फोल्डरातले सगळे गेम पण त्याच्याबरोबर जातात, रोज रात्रीचा ठेवलेला तो पण.

व्हॅलोरंट काढलात तर त्याचं अँटी-चीट, म्हणजे चीटिंग पकडणारं सॉफ्टवेअर, व्हॅनगार्ड, वेगळं राहतं, इन्स्टॉल्ड ॲप्समधे रायट व्हॅनगार्ड म्हणून दिसेल, ते वेगळं काढा. जागेचा प्रश्न नाही, ते कॉम्प्युटर चालू होतानाच चालू होतं, गेम नसताना उगाच कशाला.

काढून झालं की स्टीमच्या स्टीमॲप्स फोल्डरात कॉमनमधे एकदा डोकवा. हाताने टाकलेले मॉड असतील तर गेम गेला तरी त्याचं फोल्डर मागे राहतं, कारण स्टीम फक्त स्वतः टाकलेल्या फाइल उचलतं. मॉडची कॉपी घेतली असेल तर ते उरलेलं मग हाताने काढायला हरकत नाही. रीस्टार्ट मारा, आकडा बघा. माझे दोन गेम आणि कॅप्चर्सच्या क्लिप मिळून ११ चे झाले २७०, काम झालं.

नेट कमजोर असेल तर काढू नका, हलवा

परत आणायचं गणित आधीच बघा. १०० जीबी, नेट १०० एमबीपीएस, सगळं सुरळीत तर सव्वादोन तास. ४० एमबीपीएसला साडेपाच तास, म्हणजे रात्री लावून झोपा. इथे लोक फसतात ते बिट आणि बाइटमधे, प्लान १०० चा असताना स्टीम १२ दाखवतं म्हणून केबलवाल्याला फोन करतात, प्लान बिटमधे असतो, स्टीम बाइटमधे दाखवतं, आठ बिटचा एक बाइट, १०० भागिले ८, साडेबारा, बरोबर आहे ते. घरच्या फायबरला अनलिमिटेड म्हणत असले तरी बऱ्याच प्लानला महिन्याला ३३०० जीबीची मर्यादा असते, ती गेमने सहसा भरत नाही. पण फोनच्या हॉटस्पॉटवर दिवसाला २ जीबी मिळत असतील तर १०० जीबीला पन्नास दिवस लागतील, मग अनइन्स्टॉल हा तुमचा रस्ता नाही.

तुमच्यासाठी बाहेरची हार्ड डिस्क. स्टीमच्या त्याच स्टोरेजच्या पानावर वर ड्राइव्हच्या नावावर क्लिक करून नवा ड्राइव्ह जोडा, गेमला टिक करा, मूव्ह. गेम तिकडे जातो, स्टीमला माहीत असतं तो कुठे आहे, परत पाहिजे तेव्हा तसाच उलटा मूव्ह. साधी फिरती हार्ड डिस्क यूएसबी ३ ला लावली तर सेकंदाला १०० एमबीच्या आसपास मिळतात, १०० जीबीला पंधरा-वीस मिनिटं. तीच जुन्या यूएसबी २ च्या पोर्टला लावली तर पाऊण-एक तास, म्हणून निळ्या रंगाचं पोर्ट शोधा, बऱ्याच लॅपटॉपवर ३ चं पोर्ट निळं असतं. त्या डिस्कवरूनच गेम खेळता येतो का, येतो, पण मोठे नवे गेम लोड व्हायला चहा होऊन जाईल इतका वेळ घेतात, ठेवायला ठीक, खेळायला नको.

डिस्क एनटीएफएस फॉरमॅटमधे असू दे. फॅट३२ असेल तर ४ जीबीपेक्षा मोठी फाइल तिच्यावर जातच नाही आणि गेममधे तशा फाइल भरपूर असतात, मग अर्ध्यावर एरर. फॉरमॅट केलं की आतलं सगळं पुसलं जातं, तेवढं लक्षात ठेवा. डिस्क घ्यायला ग्रँट रोड स्टेशनला उतरून लॅमिंग्टन रोडला जा, दोन-चार दुकानं फिरून भाव करा, बिल आणि वॉरंटी घ्या. फूटपाथवर किंवा ऑनलाइन "२ टीबी पेनड्राइव्ह" फालतू किमतीत दिसला तर हात लावू नका, आत छोटी चिप असते आणि कॉम्प्युटरला खोटा आकडा सांगते, भरत गेलात की जुन्या फाइल खराब होत जातात. शंका असेल तर एचटूटेस्टडब्ल्यू नावाचं फुकट टूल अख्खा ड्राइव्ह भरून परत वाचून बघतं. आणि पावसाळ्यात डिस्क कपाटात नुसती टाकू नका, झिपलॉकच्या पिशवीत, बुटांच्या खोक्यातून निघतात त्या सिलिका जेलच्या पुड्या टाकून ठेवा, मुंबईच्या हवेत चामड्याच्या पट्ट्याला बुरशी येते तर डिस्कचं पोर्ट काय टिकणार.

मित्राकडे किंवा भावाकडे तोच गेम असेल तर अजून सोपं. दोन्ही कॉम्प्युटर एकाच वायफायवर असले की स्टीम गेम इंटरनेटऐवजी शेजारच्या कॉम्प्युटरवरून उचलतं, ही सोय २०२३ मधे आली, डाउनलोड्सच्या सेटिंगमधे दोघांनी चालू करायची.

परत आणताना

आणायच्या आधी जागा मोजा, आणि गेमच्या साइजपेक्षा थोडी जास्त धरा. पुढे अपडेट येतात तेव्हा ३ जीबीच्या अपडेटला पण कधी कधी ४०-५० जीबी मोकळे लागतात, कारण मोठ्या फाइलची नवी कॉपी बनवून मग जुनी फेकली जाते.

स्टीमच्या कॉमनमधलं गेमचं फोल्डर हाताने कॉपी करून ठेवलं असेल तर ते आधी परत कॉमनमधे टाका, नाव तेच, मग स्टीममधे इन्स्टॉल दाबा. ते आधी सापडलेल्या फाइल तपासतं आणि कमी असेल तेवढंच उतरवतं. एपिकवर थोडी युक्ती लागते, आधी इन्स्टॉल सुरू करायचं, एक-दोन टक्के झाले की थांबवून लाँचर बंद करायचं, कॉपी केलेलं त्या नव्या फोल्डरवर टाकायचं, मग परत सुरू करायचं.

इन्स्टॉल झालं की लगेच प्ले दाबायचं नाही. हा मुद्दा मी भाच्याला तीनदा सांगितलाय. आधी पेनड्राइव्हवरची सेव्ह जिथून उचलली होती तिथे ठेवा, नोटपॅडमधे पत्ता लिहिलाय ना, मग गेम चालू करा. क्लाउडवाला गेम असेल तर स्टीम मधेच विचारू शकतं की क्लाउडवरची आणि कॉम्प्युटरवरची सेव्ह जुळत नाही, कुठली ठेवू. दोन्हीच्या समोर तारीख आणि वेळ असते. शेवटचं कधी खेळला होतात ते आठवून ती निवडा. नुसती "नवी तारीख" बघून निवडू नका, आजची तारीख म्हणजे गेमने आत्ता बनवलेली रिकामी सेव्ह असू शकते. आणि गेम उघडल्यावर कंटिन्यूच्या जागी नुसतं न्यू गेम दिसलं तर घाबरून नवा गेम सुरू करू नका, नाहीतर ती कोरी सेव्ह वर जाऊन जुनीच्या डोक्यावर बसेल. गेम बंद करा, नेट बंद करा, सेव्ह बरोबर फोल्डरात आहे का बघा, मग गेम उघडून बघा, सगळं दिसलं की नेट चालू. त्यानंतर स्टीमने विचारलं तर कॉम्प्युटरवरची ठेव म्हणायचं.

पेनड्राइव्हवरची कॉपी लगेच पुसू नका. आठवडाभर खेळा, मधे दोनदा गेम बंद-चालू करून बघा की प्रगती टिकतेय, मगच.

भाच्याने आता नवी चाळ बांधायला घेतलीये, ह्या वेळी तीन मजली. दर रविवारी निघताना पेनड्राइव्ह माझ्या हातात देतो आणि कॉपी पूर्ण होईपर्यंत दारात चपला घालून उभा राहतो.